६५ लाखांचा फ्लॅट नेमका कितीला पडतो? गृहकर्जाचा हिशेब, पायरी-पायरीने

बिल्डरच्या ऑफिसात चहा संपायच्या आत कॅल्क्युलेटर पुढे येतो आणि ठरलेलं वाक्य कानावर पडतं, "महिन्याला फक्त साडेअडतीस हजार बसतील." वाक्य खोटं नसतं. ५० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के दर आणि ३० वर्षांची मुदत धरली तर हप्ता ३८,४४६ रुपयेच येतो. पण असे ३६० हप्ते भरायचे म्हणजे एकूण १ कोटी ३८ लाख ४० हजार, हे कोणी मोठ्याने म्हणत नाही.

पहिल्यांदा घर घेणारा माणूस "हप्ता झेपेल का?" एवढंच विचारतो. प्रश्न रास्त आहे, पण अपुरा आहे. त्याच्या जोडीला "किती महिने?" हेही दर वेळी विचारायला हवं. गृहकर्ज महाग पडतं ते बहुतेक वेळा महिन्यांच्या आकड्यात, आणि हा आकडा आपल्याला न विचारता वाढू शकतो.

खाली सगळीकडे एकच उदाहरण घेतलं आहे: पुण्यात बांधकाम चालू असलेल्या इमारतीतला फ्लॅट, करारनाम्याची किंमत ६५ लाख, कर्ज ५० लाख, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. तुमचा दर वेगळा असेल तर आकडे बदलतील, पण हिशेबाची रीत तीच राहील.

पायरी १: कर्जाआधी खिशातून काय जाणार ते लिहा

रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० लाखांपर्यंतच्या गृहकर्जात घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, ३० ते ७५ लाखांच्या कर्जात ८० टक्क्यांपर्यंत आणि त्यावरच्या कर्जात ७५ टक्क्यांपर्यंतच रक्कम मिळू शकते. मुद्रांक शुल्क आणि नोंदणीचा खर्च या किमतीत साधारणपणे धरत नाहीत. ते पैसे तुमचे तुम्हीच उभे करायचे.

आपल्या उदाहरणात पदरचे १५ लाख. पुण्यात मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे ४ लाख ५५ हजार. नोंदणी शुल्क १ टक्का, पण त्याला ३० हजारांची मर्यादा आहे. बांधकाम चालू असलेल्या घरावर जीएसटी ५ टक्के, म्हणजे ३ लाख २५ हजार. बेरीज २३ लाख १० हजार. "पंधरा लाख जमवलेत" म्हणणाऱ्याला ऐन वेळी आठ लाख कमी पडतात ते इथे. मग ती खिंडार पर्सनल लोनने किंवा सोनं गहाण ठेवून बुजवली जाते. पर्सनल लोनचा दर गृहकर्जापेक्षा बराच जास्त असतो, त्यामुळे सुरुवातच महाग होते.

तीन गोष्टी लक्षात ठेवा. घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतलं तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत मिळते, म्हणजे इथे ६५ हजार. नवरा-बायको दोघांच्या नावावर घेतलं की ती जाते. भोगवटा प्रमाणपत्र (इमारत पूर्ण झाली, राहायला हरकत नाही असा दाखला) मिळालेल्या तयार घरावर जीएसटी नसतो. त्यामुळे चालू बांधकामातला "स्वस्त" फ्लॅट आणि शेजारचा तयार फ्लॅट यांची तुलना करताना हे ५ टक्के आधी मिळवा. आणि मुद्रांक शुल्क करारनाम्याची किंमत किंवा रेडी रेकनरची (सरकारी दरपत्रकाची) किंमत, यांत जी जास्त असेल तिच्यावर लागतं.

घराची किंमत ५० लाख किंवा त्याहून जास्त असेल तर विकणाऱ्याला पैसे देताना १ टक्का टीडीएस कापून सरकारजमा करायची जबाबदारी खरेदीदाराची असते. हा जादा खर्च नाही, किमतीतलाच भाग आहे. पण कापायचा राहिला तर व्याज आणि दंड तुमच्या माथी बसतो.

पायरी २: तक्ता स्वतः मांडा

बँकेचं ॲप हप्त्यांचा तक्ता दाखवतं. तरीही पहिले बारा महिने वहीत किंवा एक्सेलमध्ये स्वतः मांडा. शिल्लक मुद्दल गुणिले वार्षिक दर, भागिले १२००, हे त्या महिन्याचं व्याज. हप्त्यातून व्याज वजा केलं की उरतं ते मुद्दलात जातं. पुढच्या ओळीत नवी शिल्लक घ्या आणि पुन्हा तेच करा.

२० वर्षांसाठी आपला हप्ता ४३,३९१ रुपये येतो. पहिल्या महिन्याचं व्याज ३५,४१७, मुद्दलात गेले ७,९७४. वर्षभरात तुम्ही ५ लाख २० हजार भरता आणि कर्ज कमी होतं जेमतेम एक लाखाने. पाच वर्षांनी एकूण २६ लाख भरून झालेले असतात आणि शिल्लक असते ४४ लाख ६ हजार. निम्मं कर्ज फिटायला जवळजवळ चौदा वर्षं लागतात.

यात बँकेची लबाडी काही नाही. दर महिन्याला जेवढी बाकी तेवढ्यावर व्याज, इतकं सरळ गणित आहे. सुरुवातीला बाकी मोठी म्हणून व्याज मोठं. पण हे माहीत नसलं की पाचव्या-सहाव्या वर्षी घर विकायला काढणाऱ्याला धक्का बसतो. "इतके हप्ते भरले, तरी कर्ज तेवढंच कसं?"

इथेच एक सावधगिरी. एखादी पतसंस्था किंवा खासगी सावकारी कंपनी "फ्लॅट रेट" म्हणाली तर थांबा. फ्लॅट रेटमध्ये व्याज शेवटपर्यंत मूळ रकमेवरच लागतं. ५० लाखांवर ८.५ टक्के फ्लॅट म्हणजे २० वर्षांत ८५ लाख व्याज. घटत्या शिलकीवर तेच ५४ लाख १४ हजार होतं.

पायरी ३: मुदत वेगवेगळी घालून बघा

५० लाख, ८.५ टक्के:

१५ वर्षं: हप्ता ४९,२३७, एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार
२० वर्षं: हप्ता ४३,३९१, एकूण व्याज ५४ लाख १४ हजार
३० वर्षं: हप्ता ३८,४४६, एकूण व्याज ८८ लाख ४० हजार

वीसवरून तीसवर गेलं की महिन्याला ४,९४५ रुपये वाचतात आणि व्याज ३४ लाखांनी वाढतं. सुटका लांबते आणि तिची किंमतही आपणच भरतो. माझं मत विचाराल तर २० वर्षांचा हप्ता झेपत नसेल तेव्हा ३० वर्षांची मुदत घेण्यापेक्षा फ्लॅट छोटा घ्यावा किंवा दोन स्टेशनं पुढे जावं. अपवाद एकच: उत्पन्न अनियमित असेल, तर लांब मुदतीचा छोटा हप्ता बांधून घ्या आणि हातात पैसे आले की जादा भरा. पण ते जादा भरणं खरंच होणार असेल तरच.

आता २० वर्षांच्या कर्जाची पूर्ण बेरीज. खिशातले २३ लाख १० हजार, हप्ते १ कोटी ४ लाख १४ हजार. ६५ लाखांचा फ्लॅट सव्वा कोटीच्या वर गेला. फर्निचर, मेंटेनन्स आणि मालमत्ता कर अजून धरलेला नाही.

या आकड्याने घाबरून जायचं कारण नाही. वीस वर्षांनंतरचे ४३ हजार आजच्या ४३ हजारांएवढे नसतील. महागाई ५ टक्के धरली तर शेवटच्या हप्त्याची आजची किंमत साडेसोळा हजारांच्याही आत येते. घरभाडंही वाचतं. कर्ज वाईट नाही, पण त्याची मुदत आपल्या हातून निसटली तर ते फार महाग होतं. पुढची पायरी त्याबद्दलच आहे आणि ती घाईत वाचू नका.

पायरी ४: दर वाढला की हप्ता वाढतो की मुदत, हे आधीच ठरवा

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला जोडावी लागतात. बहुतेकींनी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, घेतला आहे. रेपो अधिक बँकेचा स्प्रेड (बँक त्यावर चढवते ते टक्के) म्हणजे तुमचा दर, आणि तो किमान तीन महिन्यांतून एकदा नव्याने ठरतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना ही सक्ती नाही. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या मापदंडावर चालतो आणि तो खाली यायला वेळ लागू शकतो. अर्ध्या टक्क्याने स्वस्त दिसणारी ऑफर कशाला जोडलेली आहे, हे विचारल्याशिवाय सही करू नका.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. त्याआधी पावणेसात टक्क्यांना कर्ज घेतलेल्यांचं काय झालं ते बघा. ५० लाख, ६.७५ टक्के, २० वर्षं: हप्ता ३८,०१८. वर्षाभरात दर ९.२५ टक्के झाला, शिल्लक ४९ लाखांच्या आसपास. महिन्याचं व्याजच ३७,७७१. मुद्दलात जायला अडीचशे रुपयेसुद्धा उरले नाहीत. दर बदलला की हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवायची, ही बँकांची रुळलेली पद्धत. पण इथे ती पद्धतच टेकीला आली, आणि चाळिशीत कर्ज घेतलेल्यांची मुदत निवृत्तीच्या पलीकडे गेली. पुढे २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो एक टक्क्याने उतरला. पण मधल्या महिन्यांत न फिटलेलं मुद्दल त्यामुळे फिटत नाही.

आपल्या उदाहरणात हेच करून बघू. कर्ज घेतल्या घेतल्या दर ८.५ वरून ९.५ झाला असं धरा.

हप्ता वाढवून घेतला तर तो ४६,६०७ होतो. महिन्याला ३,२१६ रुपये जास्त, वीस वर्षांत ७ लाख ७२ हजार.

हप्ता तोच ठेवला तर २४० महिन्यांचे ३०९ महिने होतात. पावणेसहा वर्षं जादा, म्हणजे जवळपास ३० लाख जादा.

दरवाढ एकच, पण एका वाटेने पावणेआठ लाख आणि दुसऱ्या वाटेने तीस. आणि दुसरी वाट अशी की खात्यातून कापली जाणारी रक्कम बदलत नाही, म्हणून कोणाच्या लक्षातच येत नाही.

१८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने यावर नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं करायचं, याचा पर्याय कर्जदाराला द्यावा लागतो. बँकेच्या धोरणानुसार स्थिर दरावर जायचीही सोय असते, आणि जादा रक्कम भरायची मुभा तर असतेच. मुदत ताणताना हप्ता व्याजाच्याही खाली जाऊ देता येत नाही. नियम चांगला आहे, पण बँकेचा एसएमएस न वाचता पुसून टाकला तर त्याचा उपयोग शून्य. दर तीन महिन्यांनी लोन अकाउंटचं स्टेटमेंट काढा आणि त्यात एकच रकाना बघा: उरलेले महिने. गेल्या वेळेपेक्षा तीनाने कमी झालेत ना? नसतील तर त्याच आठवड्यात शाखेत लेखी अर्ज द्या.

दर उतरला की उलटं करा. हप्ता कमी करून घेऊ नका, तोच ठेवा आणि मुदत कमी करून मागा.

स्प्रेडबद्दलही बोला. बँक नव्या ग्राहकाला तुमच्यापेक्षा कमी स्प्रेड देत असेल तर तो मागता येतो. काही हजारांची कन्व्हर्जन फी लागते. पाच वर्षांनी, शिल्लक ४४ लाख असताना, दर ८.५ वरून ८ झाला आणि हप्ता तोच ठेवला तर सुमारे दहा हप्ते सुटतात, म्हणजे ४ लाख ३० हजार. बँक ऐकत नसेल तर कर्ज दुसरीकडे हलवायचा पर्याय आहे, पण तिथली प्रोसेसिंग फी, वकिलाचा आणि व्हॅल्युएशनचा खर्च, आणि महाराष्ट्रात नव्याने करावी लागणारी नोटीस ऑफ इंटिमेशन (घर तारण ठेवल्याची नोंदणी कार्यालयाला द्यायची सूचना) व तिच्याबरोबरचं मुद्रांक शुल्क, हे सगळं वजा घालून मगच ठरवा. मुदतीची शेवटची चार-पाच वर्षं उरली असतील तर सहसा परवडत नाही.

पायरी ५: सही करण्याआधी केएफएस मागा

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत 'की फॅक्ट्स स्टेटमेंट' (केएफएस), म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, देणं सक्तीचं आहे. त्यात एपीआर नावाचा आकडा असतो. व्याजदरात प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, बँकेमार्फत घेतलेला विमा असे खर्च मिसळून काढलेला हा वार्षिक दर. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करू नका, एपीआरवर करा. जो आकार केएफएसमध्ये नाही तो तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय पुढे लावता येत नाही.

प्रोसेसिंग फी अर्धा टक्का असेल तर २५ हजार, वर १८ टक्के जीएसटी, एकूण २९,५००. ही बऱ्याचदा घासाघीस करून कमी होते. सणासुदीत तर माफही होते.

खरं लक्ष विम्यावर ठेवा. "लोन प्रोटेक्शन" नावाची पॉलिसी कर्जमंजुरीच्या घाईत समोर येते, एकरकमी प्रीमियम दीड लाख. "तुम्हाला वेगळे भरायचे नाहीत, कर्जातच घालतो." कर्जात घातलेले दीड लाख २० वर्षांत ३ लाख १२ हजार होतात. कर्जदाराला विमा हवाच, विशेषतः घरात एकच कमावता असेल तर. पण तो बँकेकडूनच घ्यायची सक्ती नाही. कर्जाएवढ्या रकमेचा साधा टर्म विमा स्वतः घ्या आणि दोन्हींचा खर्च शेजारी-शेजारी मांडून बघा. टर्म विम्याचे पैसे तुमच्या घरच्यांना मिळतात आणि कर्ज दुसऱ्या बँकेत गेलं तरी तो चालूच राहतो.

पायरी ६: ताबा मिळेपर्यंतचं व्याज धरा

चालू बांधकामात बँक पैसे स्लॅबनुसार, म्हणजे बांधकाम पुढे सरकेल तसे टप्प्याटप्प्याने, सोडते. तोपर्यंत सोडलेल्या रकमेवर फक्त व्याज घेतलं जातं, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. समजा अडीच वर्षं सरासरी २५ लाख सुटलेले होते. महिन्याला १७,७०८ प्रमाणे ५ लाख ३१ हजार गेले आणि मुद्दल एका रुपयानेही हललं नाही. त्या काळात चालू घराचं भाडंही असतंच. पहिल्या हप्त्यापासून पूर्ण ईएमआय (मासिक हप्ता) सुरू करायची सोय बहुतेक बँका देतात. झेपत असेल तर ती घ्या. आणि महारेराच्या (राज्याच्या गृहप्रकल्प नियामकाच्या) संकेतस्थळावर प्रकल्पाची ताबा देण्याची तारीख किती वेळा पुढे गेली आहे ते पैसे देण्याआधी बघा, म्हणजे अडीच वर्षं धरायची की चार, याचा अंदाज येईल.

पायरी ७: जादा भरणा कधी आणि कसा

व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर वेळेआधी पैसे भरले म्हणून दंड लावता येत नाही. स्थिर दराच्या कर्जाच्या अटी मात्र वाचून घ्या.

पाच वर्षांनी एकदाच ५ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर ३६ हप्ते कमी होतात. भरलेले ५ लाख वजा जाता साडेदहा लाखांहून जास्त वाचतात. तेच ५ लाख भरून मुदत तशीच ठेवली आणि हप्ता कमी करून घेतला, तर वाचतात ३ लाख ८६ हजार. पंधराव्या वर्षी भरले तर मुदत कमी करूनही सव्वादोन लाखांच्या आतच. काउंटरवरचा फॉर्म भरताना "मुदत कमी करा" असं लिहून द्या. न लिहिता सोडलं तर बँक काय करेल ते बँकेच्या सोयीवर अवलंबून. पावती आणि नवा तक्ता दोन्ही घेऊनच उठा.

एकदम पाच लाख नसतात, हे मान्य. दर वर्षी बोनसमधून एक हप्ता जादा भरला तरी कर्ज साडेसोळा-पावणेसतरा वर्षांत संपतं आणि सुमारे दहा लाख व्याज वाचतं.

पण सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेवल्याशिवाय जादा भरणा करू नका. भरलेले पैसे अडचणीत परत मिळत नाहीत. काही बँका ओव्हरड्राफ्ट जोडलेलं गृहकर्ज देतात. त्यात ठेवलेली जादा रक्कम काढता येते आणि तेवढ्यावर व्याजही लागत नाही, मात्र दर थोडा जास्त असतो. मुदत ठेवीत पैसे ठेवून गृहकर्ज चालू ठेवणाऱ्यांनी ठेवीवरचं कर कापून उरलेलं व्याज आणि कर्जाचा दर शेजारी लिहावेत.

पायरी ८: कराची सवलत खरंच मिळते का ते तपासा

"टॅक्स वाचतो" म्हणून मोठं कर्ज घ्या, हा सल्ला आता जुना झाला. २०२३-२४ पासून नवी करपद्धत आपोआप लागू होते आणि तिच्यात स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाही, मुद्दलाचीही नाही. जुनी पद्धत निवडली तर व्याजाची वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचं व्याज ४ लाख २१ हजार आहे, म्हणजे निम्म्याहून जास्त वाया. ३० टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे त्यातून सेससह ६२,४०० वाचतात. मुद्दलाची वजावट पीएफ, विमा वगैरेंच्या दीड लाखाच्या मर्यादेतच बसवायची असते आणि ती अनेकांची पीएफनेच भरलेली असते. दोन्ही पद्धतींनी कर काढून बघा, मगच ही बचत हिशेबात धरा.

पायरी ९: कर्ज फिटल्यावरची कागदपत्रं

शेवटचा हप्ता गेला म्हणजे काम संपलं असं नाही. बँकेने मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत करून बोजा (घरावरची तारणाची नोंद) उतरवायचा असतो. १ डिसेंबर २०२३ पासून, बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कर्ज घेताना जमा केलेल्या कागदांची यादी बँकेच्या सही-शिक्क्यासह तेव्हाच घेऊन ठेवा. वीस वर्षांनी मूळ करारनामा, इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयाचा उतारा) आणि बिल्डरच्या पावत्या त्या यादीशी ताडून घ्या. मग ना-हरकत दाखला घ्या, सर्साईच्या (तारण मालमत्तांच्या केंद्रीय) नोंदवहीतून बोजा निघाल्याची खात्री करा, सोसायटीच्या दप्तरातली बँकेच्या हक्काची नोंद कमी करून घ्या, आणि महिन्या-दोन महिन्यांनी सिबिल अहवालात (तुमच्या कर्जफेडीच्या नोंदीत) खातं 'क्लोज्ड' दिसतंय का ते बघा.